उलटून पाहणारी गर्दी : व्हिक्टोरियाकालीन रस्त्याच्या आद्य चलच्चित्रांचे वाचन

मराठीत 'अनुबोधपट' ही संज्ञा इतकी रुळली आहे की तिच्या पोटातील 'बोध' आता आपल्याला खटकत नाही. इंग्रजी संज्ञेच्या मुळाशी दस्तऐवजाची, म्हणजे पुराव्याची कल्पना आहे. आपण तिला मराठी रूप देताना पुराव्याच्या जागी शिकवण आणली. भेद लहान नाही; तरीही दोन्ही संज्ञांचे एक गृहीत समान आहे. कोणी एक जाणता पाहतो, कोणी एक अजाण पाहिला जातो, आणि त्या पाहण्यातून कोणा तिसऱ्याला काही कळते. जॉन ग्रीअरसन यांनी १९२६ साली रॉबर्ट फ्लॅहर्टी यांच्या 'मोआना'विषयी लिहिताना ही संज्ञा वापरली आणि पुढे वास्तवाची सर्जनशील हाताळणी असा तिचा अर्थ लावला, तेव्हा हे त्रिकूट पक्के झाले. त्यापूर्वीच्या तीस वर्षांत रस्ते, बाजार, मिरवणुका आणि गिरण्यांची फाटके यांची हजारो छोटी चित्रे घेतली गेली, दाखवली गेली आणि बहुतांशी नष्ट झाली. त्यांना अनुबोधपट म्हणावे की नाही, हा प्रश्न केवळ परिभाषेचा नाही. वरील त्रिकूटातील तिन्ही जागा त्या चित्रांत निराळ्या तऱ्हेने भरलेल्या आहेत, आणि ते ध्यानात न घेता केलेले त्यांचे वाचन फसते, असे मला वाटते.

प्रस्तुत लेखात विचारात घेतलेली चित्रे इंग्लंडमधील, त्यातही उत्तर इंग्लंडच्या औद्योगिक नगरांतील आहेत. कालखंड ढोबळमानाने १८८८ ते १९०२. व्हिक्टोरिया राणीचे निधन २२ जानेवारी १९०१ रोजी झाले. म्हणून काटेकोर कालगणनेने यांतील बरीच चित्रे एडवर्डच्या राजवटीत पडतात आणि अभ्यासकही त्यांना 'एडवर्डियन' म्हणतात. परंतु राणी गेली म्हणून गिरणीच्या फाटकातून बाहेर पडणाऱ्या बाईच्या डोक्यावरची शाल काही बदलली नाही. रस्त्याचा इतिहास राजवटींच्या सनावळीने मोजता येत नाही. या चित्रांतला रस्ता व्हिक्टोरियाच्या काळानेच घडवलेला आहे.

या रस्त्याकडे पाहण्याची एक पद्धत कॅमेऱ्याच्या आधीच सिद्ध झालेली होती. एडगर अ‍ॅलन पो यांच्या १८४० मधील 'द मॅन ऑफ द क्राउड' या कथेचा निवेदक लंडनमधील एका कॉफीगृहाच्या खिडकीशी बसून बाहेरच्या गर्दीचे वर्गीकरण करतो: हे कारकून, हे खिसेकापू, हे जुगारी. काच मध्ये आहे; तो पाहतो आणि त्याला कोणी पाहत नाही. हेन्री मेह्यू यांनी लंडनच्या श्रमिकांविषयीचा आपला प्रचंड ग्रंथ १८५१ पासून सिद्ध केला. त्याच्या आरंभीच त्यांनी मनुष्यजातीची भटके आणि स्थिर अशी विभागणी केली आणि लंडनच्या रस्त्यांवरील विक्रेत्यांना भटक्या टोळ्यांच्या पंक्तीत बसवले. जॉन थॉमसन हे १८७७–७८ मध्ये अ‍ॅडॉल्फ स्मिथ यांच्या मजकुरासह 'स्ट्रीट लाइफ इन लंडन' ही छायाचित्रमाला प्रसिद्ध करतात, त्यापूर्वी त्यांनी चीन आणि आग्नेय आशियात हिंडून तेथील लोकांची छायाचित्रे घेतलेली असतात. हा योगायोग नव्हे. परकीय प्रजेचे 'नमुने' टिपण्याची रीत परत मायदेशी आली आणि घरच्या गरिबांवर लागू झाली. हिंदुस्थानात याच सुमारास, १८६८ ते १८७५ या काळात, 'द पीपल ऑफ इंडिया'चे आठ खंड निघत होते, हे मराठी वाचकाला वेगळे सांगावयास नको. मेह्यू आणि थॉमसन यांच्याकडे करुणा नव्हती असे मुळीच नाही. थॉमसन यांच्या छायाचित्रांतील पायरीवर बसलेली, मांडीवर दुसऱ्याचे मूल घेतलेली निराधार बाई आजही अस्वस्थ करते. पण ती बाई त्या पुस्तकाची वाचक नव्हती, आणि होण्याची शक्यताही नव्हती. मुद्दा एवढाच आहे.

चलच्चित्राचा आरंभही खिडकीतच झाला. लुई ल प्रँस यांनी १८८८ च्या ऑक्टोबरात लीड्स शहरातील पुलावरची वर्दळ टिपली, ती पुलाच्या कोपऱ्यावरील एका लोखंडी सामानाच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावरून. आज त्यातील सुमारे वीस चौकटी शिल्लक आहेत. घोडागाड्या सरकतात, पायी चालणारे पूल ओलांडतात, आणि कोणालाही आपण टिपले जात आहोत याचा सुगावा नाही. पो यांच्या निवेदकाने कॉफीगृहातून उठून वरचा मजला गाठावा, असेच हे दृश्य आहे. आठ वर्षांनी, १८९६ मध्ये, रॉबर्ट पॉल यांनी लंडनच्या ब्लॅकफ्रायर्स पुलावर कॅमेरा लावला तो मात्र खाली, पादचाऱ्यांच्या पातळीवर. पुलाच्या दक्षिण टोकाकडून उत्तरेकडे पाहणारे हे चित्र मिनिटभराचेही नाही. एक शतांश पुरावा म्हणून ते पाहावे, तर त्यातून रहदारीविषयी थोडीबहुत माहिती मिळते. पण दृष्टीला पकडून ठेवते ती गोष्ट वेगळीच: समोरून येणारा माणूस क्षणभर यंत्राकडे पाहतो आणि चौकटीबाहेर जातो. मधली काच आता राहिलेली नाही.

येथून जे घडले त्याचा सर्वांत समृद्ध पुरावा आपल्या हाती आला तो फार उशिरा, आणि तोही अपघाताने. लँकशायरमधील ब्लॅकबर्न येथे सेगर मिचेल आणि जेम्स केनयन यांनी १८९७ साली चित्रपट बनवण्याची भागीदारी सुरू केली होती. मिचेल छायाचित्रणाच्या सामानाचे दुकानदार, केनयन लाकडी सामानाचे आणि जत्रेतल्या नाणे टाकून चालणाऱ्या यंत्रांचे व्यापारी. १९९४ मध्ये नॉर्थगेट या रस्त्यावरील त्यांच्या जुन्या दुकानाच्या तळघरात कामगारांना धातूची तीन पिंपे सापडली. त्यांत नायट्रेटच्या सुमारे ८०० मूळ प्रती, म्हणजे कॅमेऱ्यातून निघालेल्या निगेटिव्ह, गुंडाळून ठेवलेल्या होत्या. पीटर वर्डन या स्थानिक चित्रपटप्रेमी चष्मेतज्ज्ञांनी त्या वाचवल्या. २००० साली त्या ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटकडे गेल्या आणि शेफील्ड विद्यापीठातील व्हॅनेसा टुल्मिन आदींच्या संशोधनाने त्यांची स्थळे, तिथी आणि प्रयोजने बऱ्याच अंशी निश्चित झाली. साहित्याच्या अभ्यासकाने येथे थोडे थांबावे. जो लेखक नावाजलेला होता त्याचे लेखन जपले गेले आणि जो नव्हता त्याचे हरवले, अशी आपली एक सुप्त समजूत असते. येथे उलट झाले. आपल्या काळात नावाजलेल्यांचे कितीतरी चित्रपट नाहीसे झाले आणि ब्लॅकबर्नच्या दोन दुकानदारांची सुमारे अठ्ठावीस तासांची सामग्री तीन पिंपांत शाबूत राहिली. आज 'व्हिक्टोरियन रस्ता' म्हणून आपल्या डोळ्यांपुढे जो उभा राहतो, त्यातील मोठा भाग या एका तळघराने पुरवलेला आहे. याचा अर्थ लँकशायर आणि यॉर्कशरचा रस्ता आपल्याला सर्व इंग्लंडचा वाटू लागला आहे, हेही ओघानेच आले.

आता मूळ मुद्द्याकडे येतो. ही चित्रे कोणी घेतली, यापेक्षा कोणी घेवविली हा प्रश्न अधिक फलदायी आहे. बहुतेक चित्रे जत्रेतल्या तंबूवाल्यांनी आणि सभागृहे भाड्याने घेऊन खेळ करणाऱ्या फिरत्या प्रदर्शकांनी मागवलेली होती. ए. डी. थॉमस हा त्यांतील एक बडा, आणि बडेजाव मिरवण्यात पटाईत, प्रदर्शक. एडिसनचे नाव आपल्या नावाला जोडून तो जाहिराती करी. प्रदर्शक गावात येई, त्याच्या सांगण्यावरून सकाळी किंवा दुपारी गिरणीच्या फाटकाशी कॅमेरा लागे, आणि काही तासांनी किंवा फार तर काही दिवसांनी तेच लोक पैसे मोजून स्वतःला पडद्यावर पाहत. 'स्थानिक लोकांसाठी स्थानिक चित्रे' हा या धंद्याचा मंत्र होता. जग आपल्याला पाहते तसे स्वतःला पाहा, अशा अर्थाच्या जाहिराती लागत.

या व्यवहाराने दृश्याची रचनाच ठरवली. कॅमेरा कोठे लावायचा? जेथे थोड्या फुटांच्या फितीत जास्तीत जास्त चेहरे ओळखू येतील तेथे. म्हणून गिरणीचे फाटक, म्हणून चर्चमधून बाहेर पडणारी मंडळी, म्हणून अरुंद रस्त्यावरून येणारी मिरवणूक. कॅमेरा उंचावर नको, कारण वरून टोप्या दिसतात, चेहरे दिसत नाहीत. तो फार दूर नको. लोक एकामागून एक आले पाहिजेत, एकमेकांना झाकता कामा नयेत. प्रत्येक चेहरा हे एक संभाव्य तिकीट आहे. नव्हे, आई, भाऊ, शेजारीण धरली तर चारपाच तिकिटे. हॉलिनवुड येथील अल्फ्रेड बटरवर्थ यांच्या ग्लीब गिरणीचे १९०१ मधील चित्र, किंवा त्याच वर्षीचे रॉदरम येथील पार्कगेट पोलाद कारखान्याचे चित्र पाहावे. चेहऱ्यांचा ओघ चौकटीच्या खोलीतून पुढे येतो, कॅमेऱ्यापाशी पोचतो, क्षणभर पूर्ण ओळखीचा होतो आणि बाजूने निघून जातो. कलासमीक्षेच्या भाषेत आपण याला खोलीची उत्तम रचना म्हणू. ती उत्तम आहेच. पण ती जन्मली गल्ल्याच्या हिशेबातून.

लुमिएर बंधूंच्या १८९५ मधील सुप्रसिद्ध चित्राशी याची तुलना उद्बोधक ठरेल. तेथेही कामगार कारखान्यातून बाहेर पडतात. पण कारखाना लुमिएर यांचाच आहे, कॅमेऱ्यामागे मालक आहे, आणि बहुतेक कामगार कॅमेऱ्याकडे न पाहता लगबगीने दोहो बाजूंना पांगतात. मालकासमोर जसे वागावे तसे ते वागतात, असे म्हणण्याचा मोह होतो. ब्लॅकबर्नकरांच्या चित्रांत मालक क्वचितच महत्त्वाचा असतो. तेथे लोक थबकतात, हसतात, टोपी उंचावतात, रुमाल हलवतात. पोरे चौकटीतून निघून जाण्याऐवजी मागून वळसा घालून पुन्हा पुढे येतात. दोन तरुण लुटुपुटीची मारामारी करतात. कित्येकदा प्रदर्शक किंवा त्याचा माणूस चौकटीत घुसून हात हलवत गर्दीला पुढे सरकवताना दिसतो. पुढील काळातल्या माहितीपटकाराने हे तुकडे कापून टाकले असते. येथे ते राहिले, कारण त्यांनी काही बिघडत नव्हते. प्रदर्शकाचा चेहराही शेवटी एक जाहिरातच होता.

चित्रपटाच्या सिद्धान्तात कॅमेऱ्याकडे रोखून पाहण्याला मोठे महत्त्व दिले गेले आहे. टॉम गनिंग यांनी १९८६ मध्ये आद्य चित्रपटाला 'आकर्षणांचा चित्रपट' म्हटले: जो कथेत बुडवत नाही, समोर काही मांडून दाखवतो, आणि ज्याला प्रेक्षक समोर आहे याची लाज वाटत नाही. कथापटाने पुढे ही थेट नजर निषिद्ध ठरवली. ही मांडणी येथे बरीच उपयोगी पडते. पण १९७० नंतरच्या समीक्षेत 'नजर' ही जी संकल्पना प्रबळ झाली, एकीकडे फूको यांच्या कारागृहविचारातून आणि दुसरीकडे लॉरा मल्व्ही यांच्या १९७५ मधील निबंधातून, ती एकमार्गी सत्तेची संकल्पना आहे. पाहणारा सत्ताधारी, पाहिला जाणारा सत्ताहीन. मेह्यू आणि थॉमसन यांना ती नेमकी लागू पडते. गिरणीच्या फाटकापाशी ती अडखळते, कारण तेथे पाहिला जाणाराच पुढे पाहणारा होणार आहे, आणि हे त्याला फाटकापाशीच ठाऊक आहे.

यावरून लगेच गर्दीच्या प्रतिकाराचा, श्रमिकांच्या उलट्या नजरेतील बंडाचा जयघोष करण्याचे कारण नाही. अलीकडच्या सांस्कृतिक अभ्यासात ही घाई फार दिसते. टोपी हलवणारा मजूर यंत्राविरुद्ध बंड करीत नाही. तो करारातील आपली बाजू पाळतो. त्याचा चेहरा घेऊन त्यालाच विकला जाणार आहे, आणि तो ही खरेदी आनंदाने करणार आहे. वाल्टर बेन्यामिन यांनी १९३० च्या दशकात असे नोंदवले की रस्त्यावरून जाणाऱ्या कोणाही माणसाला पडद्यावर येण्याची संधी मिळू लागली आहे आणि हा त्याचा हक्क होऊ पाहत आहे. ब्लॅकबर्नमध्ये हा हक्क तीस वर्षे आधी तिकीट लावून विकला जात होता.

येथे आपल्या काव्यशास्त्रातील एक संकल्पना माझ्या मदतीला येते. रसास्वादासाठी साधारणीकरण आवश्यक मानले गेले. रंगभूमीवरील भाव हे माझे, हे शत्रूचे, हे तटस्थाचे अशा विशेष संबंधांतून सुटल्याखेरीज रसनिष्पत्ती होत नाही, असे अभिनवगुप्त सांगतात. स्थानिक चित्राचा आनंद याच्या अगदी उलट टोकाचा आहे. 'ही माझी बहीण', 'हा आमच्या खात्याचा मुकादम', 'हा मी' या उद्गारांत त्याचे सर्वस्व आहे. तो विशेषीकरणाचा आनंद आहे. ही बहीण आहे हे कळणे म्हणजेच चित्र कळणे. त्यापलीकडे त्या चित्रात तिच्या गावकऱ्यांना काही शोधायचे नव्हते. म्हणूनच या चित्रांना कथा नाही, मध्य नाही, शेवट नाही. फीत संपते तेथे ती संपतात, आणि तक्रार कोणी केली असेल तर ती आपला चेहरा पुरेसा वेळ न दिसल्याची.

आपण आज ही चित्रे पाहतो तेव्हा आपल्याला त्यांतले कोणीही ओळखू येत नाही. ओळखीसाठी घडवलेली संहिता ओळखीच्या सर्व शक्यता संपल्यावर आपल्या हाती आली आहे. ती बहीण आता कोणाचीच बहीण नाही, आणि म्हणून 'श्रमिक स्त्री' झाली आहे. साधारणीकरण झाले आहे, पण ते कवीच्या व्यापाराने नव्हे, केवळ विस्मरणाने. आणि या चित्रांवर लिहिणारे आपण सर्वजण येथेच एक चूक करतो. समोरून येणारी मुलगी लेन्समध्ये पाहते आणि आपण लिहितो, 'भूतकाळ आपल्याकडे पाहत आहे.' ती आपल्याकडे पाहत नाही. तिला आपण अपेक्षितच नाही. ती पाहते आहे त्या संध्याकाळच्या स्वतःकडे, स्वतःच्या शेजारी बसणाऱ्या मैत्रिणींकडे. आपण मध्येच उभे राहून दुसऱ्याच्या नावाचे पत्र उघडले आहे. ते वाचू नये असे मी म्हणत नाही. पण मायना आपल्या नावाचा आहे असे समजून वाचू नये.

हे ध्यानात ठेवले की चित्रांतील तपशील अधिक नेमके बोलू लागतात. उदाहरणार्थ, डोक्यावरची वस्त्रे. मजूर चपटी टोपी घालतो, मुकादम गोल कडक हॅट, गिरणीतल्या स्त्रिया शाल डोक्यावरून घेतात. पागोटे आणि पगडी यांवरून माणसाची जात, गाव आणि हुद्दा ओळखणाऱ्या एकोणिसाव्या शतकातील आपल्या वाचकाला हे चित्र सहज वाचता आले असते. ज्याला आपण समाजशास्त्रीय निरीक्षण म्हणतो ते त्या प्रेक्षकाला मुळात निरीक्षण वाटतच नव्हते. दुसरा तपशील मुलांचा. कापडगिरण्यांच्या फाटकांतून बाहेर पडणाऱ्यांत लहान मुले पुष्कळ असतात. त्या काळच्या इंग्लंडमध्ये 'अर्धवेळ' पद्धत कायदेशीर होती: बारा वर्षांचे मूल अर्धा दिवस गिरणीत आणि अर्धा दिवस शाळेत. सुधारकांच्या छायाचित्रांत अशी मुले कणवेचा विषय म्हणून उभी केली जातात. येथे ती कॅमेऱ्यासमोर उड्या मारतात, एकमेकांना ढकलतात, हसतात. त्यांचे हसणे कायद्याच्या बाजूचा पुरावा नाही, आणि विरोधाचाही नाही. त्यांना पुरावा होण्याची कल्पनाच नाही, यात त्या दृश्याची बोच आहे.

या चित्रांत काय नाही, याचा हिशेबही मांडला पाहिजे. गिरणीचे अंतरंग नाही. उजेड पुरत नसे, हे त्याचे तांत्रिक कारण. परंतु हारून फारोकी यांनी १९९५ मध्ये शंभर वर्षांच्या चित्रपटांतील कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या कामगारांची दृश्ये एकत्र गुंफून दाखवले की उजेडाचा प्रश्न सुटल्यानंतरही कॅमेरा फाटकाबाहेरच रेंगाळत राहिला. काम संपते तेथे चित्रपट सुरू होतो. रात्र नाही. एंगल्स यांनी १८४५ मध्ये वर्णिलेली मँचेस्टरची मागली आवारे नाहीत. तेथे गर्दी असली तरी ती ओघाने कॅमेऱ्यासमोरून जात नाही आणि तिच्या खिशात तिकिटाचे पैसेही नाहीत. म्हणजे ज्या व्यवहाराने श्रमिकाला प्रेक्षकाचा मान दिला, त्यानेच त्याहून गरीब असलेल्याला चौकटीबाहेर ठेवले. मेह्यू यांचा भटका विक्रेता थॉमसन यांच्या छायाचित्रांत होता. मिचेल आणि केनयन यांच्या चित्रांत तो आलाच तर गर्दीच्या कडेला, चुकून.

आणखी एक गोष्ट. याच दुकानात बोअर युद्धाची बनावट दृश्ये लँकशायरच्या माळावर रचून चित्रित केली गेली. १९०१ च्या डिसेंबरात लिव्हरपूलच्या बँकेतील अफरातफरीबद्दल गौडी नावाच्या कारकुनाला अटक झाली, तेव्हा मिचेल आणि केनयन यांनी अटकेच्या प्रत्यक्ष रस्त्यावर नटांकरवी तो प्रसंग पुन्हा उभा केला आणि तो लगोलग लिव्हरपूलमध्ये दाखवला गेला. रस्ता खरा, घर खरे, माणसे खोटी. तेव्हाच्या प्रेक्षकाला यात विसंगती वाटल्याचे दिसत नाही. वास्तव आणि रचित यांच्यातील जी सीमारेषा आपण या चित्रांवर लादतो ती नंतरची आहे. आमची गल्ली पडद्यावर आली, एवढे त्या प्रेक्षकाला पुरेसे होते, आणि खोट्या अटकेतही गल्ली खरीच होती.

या संदर्भात मुंबईचा उल्लेख अस्थानी ठरू नये. ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात लुमिएर यांची चित्रे दाखवली गेली. ती पाहणाऱ्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादांनी विलायतेहून चलच्चित्रणाचा कॅमेरा मागवला. तो रायली बनावटीचा असल्याची नोंद चित्रपटेतिहासात मिळते, आणि रायली बंधूंची पेढी ब्रॅडफर्डची. म्हणजे १९०२ मध्ये ज्या शहराच्या फॉर्स्टर चौकातून मिचेल आणि केनयन यांनी ट्रामवर कॅमेरा चढवून फिरवला, तेच शहर. सावेदादांनी १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधील कुस्ती टिपली, माकडांचा खेळ करणारा टिपला, आणि १९०१ अखेर रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हाचा स्वागतसमारंभ टिपला. यांतील एकही चित्र आज उपलब्ध नाही. परांजप्यांच्या स्वागताला जमलेली गर्दी कॅमेऱ्याकडे कशी पाहत होती, ती नंतर तंबूत स्वतःला ओळखायला आली का, हे आपल्याला कधीच कळणार नाही. आपल्याकडे नावे उरली, चेहरे गेले. ब्लॅकबर्नमध्ये चेहरे उरले.

शेवटी या चित्रांच्या आजच्या अवस्थेविषयी. हाताने फिरवल्या जाणाऱ्या त्या कॅमेऱ्यांचा वेग सेकंदाला ढोबळमानाने सोळा चौकटींचा. पुढे ध्वनिपटाच्या चोवीसच्या वेगाने ही चित्रे दाखवली गेली आणि जुन्या काळची माणसे तुरुतुरु चालत असत, असा हास्यास्पद समज कित्येक पिढ्यांचा झाला, माझाही होता. २००० नंतरच्या जतनकार्यात चित्रे योग्य वेगाने पाहता येऊ लागली आणि त्या माणसांना त्यांची चाल परत मिळाली. ही मोठी गोष्ट आहे. मात्र गेल्या काही वर्षांत संगणकाच्या साहाय्याने हीच चित्रे रंगीत करून, सेकंदाला साठ चौकटींपर्यंत नेऊन, वर रहदारीचा आवाज चढवून पसरवली जात आहेत. सोळाच्या साठ करावयाच्या म्हणजे चारांतील सुमारे तीन चौकटी कॅमेऱ्याने पाहिलेल्याच नाहीत. त्या अनुमानाने भरलेल्या आहेत. शालीचा रंगही अनुमानाचाच. हौस म्हणून याला माझी हरकत नाही. परंतु या रूपात ज्याचा सर्वाधिक गौरव होतो तो 'जणू काल घडले' हा प्रत्यय नेमका त्या चुकीला खतपाणी घालतो जिच्याविषयी वर लिहिले. मुलगी मान वळवते. तिच्या वळण्यातील दोन खऱ्या क्षणांच्या मध्ये यंत्राने काही खोटे क्षण घातले आहेत, आणि त्या खोट्या क्षणांत ती आपल्याकडे पाहते.

याउलट २००५ मध्ये बीबीसीने या संग्रहावर जी मालिका सादर केली तीत एक साधी गोष्ट केली गेली. चित्रांतील माणसांच्या नातवंडा-पतवंडांना ती चित्रे दाखवण्यात आली. चित्रे कृष्णधवल, निःशब्द, ओरखड्यांसह. समीक्षक ज्या चेहऱ्याकडे 'औद्योगिक श्रमिक' म्हणून पाहत आले होते त्या चेहऱ्यावर एका म्हाताऱ्या माणसाने बोट ठेवले आणि नाते सांगितले.